समोरच्या पाइपातलं पाणी

दुपारची जेवणं उरकून सनोबर गल्लीत आली ती ड्रेनेजच्या चेंबरचं झाकण उघडायला. साधं काम. पण मार्गिलान शहराच्या त्या गल्लीत कुणी झाकण उघडलं की माणसं जमतातच, आणि त्या दिवशी तर सगळी आधीच दारात येऊन उभी होती.

गेले काही दिवस घरोघरच्या मोऱ्या उलट्या वाहत होत्या. सनोबर बाजारात तळलेली मासळी विकायची, तेव्हा बोट तिच्याकडेच जाणार: हिच्याच तेलानं गटार तुंबलं. मोहल्ल्याचे प्रमुख एर्गाश अका, म्हणजे एर्गाशदादा, गवंड्याला घेऊन आले होते, तिचा पाइप बुजवायला. पाइप गेला की कढई गेली, आणि त्या घरात दुसरं कमावणारं कुणी नव्हतं.

"बुजवा की," सनोबर म्हणाली. "पण आधी माझं पाणी बघा."

तिनं झाकण सरकवलं, जखमा धुवायची जांभळी पूड पाण्यात कालवून घरातल्या मोरीत ओतली, रिकाम्या घराला बाहेरून कडी घातली आणि परत आली. चेंबरच्या उजव्या तोंडातून जांभळं पाणी खळखळत आलं आणि उताराला लागलं. तेलाचा तवंग नाही, काही नाही.

शेजारची मुहब्बत ओपा, म्हणजे मुहब्बतताई, पुटपुटली, आज तेल दुसरीकडे टाकलं असेल.

"ओपा, एरवी माझ्या तेलाचा वास तुम्हाला अंथरुणात येतो. आता नाक जरा खाली घाला."

मुहब्बत ओपा वाकली आणि तशीच राहिली. डाव्या तोंडाशी चरबीचा पांढरा गोळा लोंबत होता. त्याच्या कडेनं पाणी झिरपत होतं, गरम, वाफाळलेलं. साबणाचा वास, त्यामागे मटणाच्या रश्शाचा. आणि खूप आतून आवाज... कुणीतरी वाडगे विसळत होतं, एकावर एक ठेवत होतं, सावकाश.

तो पाइप समोरच्या मोकळ्या जागेतून यायचा. तिथलं घर छतासकट बसलं तेव्हा आतलं एकही माणूस वाचलं नव्हतं. नळसुद्धा केव्हाच तोडला होता.

"तिथं तर..." म्हणत एर्गाश अका मागे सरकले. मग ते घाईघाईनं गवंड्याला म्हणाले, दोन्ही तोंडं बुजव.

सनोबर चेंबरच्या काठावर पाय आत सोडून बसली. "माझ्या पाइपाला हात लावायचा नाही." मग ती डाव्या तोंडाकडे वाकली. "आणि तू गं बाई... चरबी गाळून टाकत जा. तुझ्यापायी मी माझी चूल विझवणार नाही."

विसळणं थांबलं.

थोड्या वेळानं डाव्या तोंडातून हिरवं पाणी आलं, पोरांचा गुडघा फुटला की लावतात त्या औषधासारखं गडद हिरवं. आपलं पाणी कुठं जातं ते तिकडच्या बाईलाही बघायचं होतं.

ते उताराला गेलं नाही. सनोबरच्या पावलांखालून सरळ पलीकडे गेलं आणि उजव्या तोंडातून तिच्या पाइपात वर चढू लागलं.

"सनोबर, जाऊ नकोस..." एर्गाश अका म्हणाले.

"घर माझं आहे, अका."

तिनं बाह्या सरसावल्या आणि घराच्या दाराची कडी काढली. आत कुणीतरी तिची कढई घासत होतं.