अठरा मिनिटांचे अधिकार

"तक्रार गायब झालीये," अधीक्षकांनी फोनवर सांगितलं. "पुसणारीही सापडलीये. तुम्ही फक्त सही करा."

फक्त सही! बत्तीस वर्षं तपासनीस हेच ऐकत आले होते. उसासा टाकून ते इस्पितळाच्या तक्रार कक्षात येऊन बसले.

समोर ताई होत्या. दुरुस्तीच्या तक्रारी संगणकावर नोंदवणं हे त्यांचं काम. ऑक्सिजन कमी झाल्यावर वाजणारा भोंगा बिघडल्याची तक्रार सोमवारी त्यांच्या लॉगिनमधून पुसली गेली होती. बुधवारी भोंगा वाजलाच नाही. एक आजोबा थोडक्यात वाचले. आज संध्याकाळी ताईंना बडतर्फीचं पत्र मिळणार होतं.

"तुम्ही पुसलीत?"

"मला पुसायचं बटणच दिसत नाही हो."

"सोमवारी दिसत होतं. नऊ चाळीस ते नऊ अठ्ठावन्न तुम्हाला पूर्ण अधिकार होते."

"दहापर्यंत तर मी आत शिरूच शकले नाही. पासवर्ड चालेना. शेवटी उपप्रमुखांनी नवा करून दिला."

"दिला ना," शेजारी बसलेले उपप्रमुख म्हणाले. "आणि अधिकारांना मंजुरी साहेबांची आहे. नाव बघा की."

नाव खरंच विभागप्रमुखांचं होतं. तपासनीसांनी चष्मा पुसला. त्यांना घरी जाऊन नुसतं पडायचं होतं.

"साहेब सोमवारी कुठे होते?"

"रजेवर. पित्ताशयाचं ऑपरेशन," ताई म्हणाल्या. "साडेनऊलाच आत नेलं होतं."

"म्हणजे भूल दिलेल्या माणसाने मंजुरी दिली!"

तपासनीसांनी संगणकातल्या नोंदी सावकाश खाली सरकवल्या आणि ते उपप्रमुखांकडे वळले.

"रजेवर जाताना साहेबांनी मंजुरीचं काम तुमच्याकडे सोपवलं. सॉफ्टवेअर मात्र नाव त्यांचंच छापतं. ताईंचा पासवर्ड तुम्ही दोनदा बदललात. दहाला त्यांनी सांगितलं म्हणून, आणि त्याआधी नऊ छत्तीसला, कुणीही न सांगता. मग त्यांच्या नावाने अधिकार मागितलेत, साहेबांच्या नावाने दिलेत, तक्रार पुसलीत आणि अधिकार परत काढलेत. ती तक्रार चोवीस तासांत निस्तरायची होती, पण चार दिवस तुमच्याकडेच पडून होती."

"माझी नोकरी गेली असती हो," उपप्रमुख पुटपुटले.

"म्हणून चोर सोडून संन्याशाला फाशी?"

अधीक्षकांना फोन करून त्यांनी ताईंचं पत्र थांबवलं. मग अहवाल लिहायला घेतला. मागणारा आणि मंजूर करणारा वेगळा हवा. मंजुरीवर प्रत्यक्ष बटण दाबणाऱ्याचंच नाव हवं. पासवर्ड बदलला की ज्याचा त्याला लगेच कळायला हवं.

"काका," ताईंनी विचारलं, "ही फट आधी कुणालाच दिसली नाही?"

पेन थांबलं. "दिसली होती. गेल्या वर्षीच्या तपासणीत, मलाच. फार दमलो होतो. 'धोका किरकोळ' असं लिहून मोकळा झालो."

ताईंनी अहवालाकडे बोट केलं.

"मग तेही लिहा," त्या म्हणाल्या.

तपासनीसांनी लिहिलं आणि खाली सही केली.