अंगाईची चौथी ओळ

सरका जरा, मलाही टेकू द्या. माडी उरली असेल तर ओता, नसेल तर नुसतं ऐका. मधेच दात काढायचे नाहीत.

ही माझ्या शेजाऱ्याची गोष्ट. क्रिसांतो दाकुनो. थोरला म्हणून आम्ही सगळे त्याला मानो सांतो म्हणायचो. आपल्या वाराय बोलीत कविता करायचा आणि गावोगाव हिंडून जुनी गाणी, कोडी, कहाण्या वहीत उतरवायचा. वेडाच होता. बायको आत बाळंत होत होती, तर हा पठ्ठ्या बाहेर पायरीवर बसून सुइणीच्या म्हाताऱ्या आईकडून कोडी लिहून घेत होता!

बायको पुरिंग, जिभेची तिखट. "साऱ्या सामार बेटावरच्या म्हाताऱ्या झाल्या तुझ्या लिहून," म्हणायची, "माझं गाणं कधी लिहिणार?"

"तुझं काय, तू घरातलीच. कधीही लिहीन."

लेकीला, दोलिंगला, ती रोज एक अंगाई म्हणायची. चारच ओळी. नवऱ्याच्या भटकंतीला टोमणा होता त्यात, म्हणून तो हसायचा. पण लिहिली नाही.

मग ते वादळ आलं. समुद्र घरात शिरला तेव्हा सांतो डोंगरातल्या एका गावात गाणी उतरवत बसला होता. खाली आला तर इथलं, बासाय गावातलं त्याचं घर जागेवर नव्हतं. पुरिंग सापडली. चार वर्षांची दोलिंग तिच्या कमरेला चादरीने बांधलेली होती. दोघींना एकाच खड्ड्यात ठेवलं आम्ही. फावडं माझ्या हातात होतं, पोरांनो.

त्यानंतर दर रविवारी तो तिथे जाऊन अंगाई म्हणायचा. तीन ओळी म्हणायचा आणि थांबायचा. चौथी आठवायचीच नाही. चाळीस वर्षं परक्यांची गाणी जपली आणि आपल्या घरातली एक ओळ राहिली नाही, म्हणून कपाळ बडवून घ्यायचा. मला ते बघवायचं नाही.

एकोणीस जानेवारी दोन हजार सतरा, गुरुवार. पुरिंगची मावशी इब्यांग आजारी असल्याचा निरोप आला. मराबूतच्या वाटेवर राहायची. पुरिंग लहानपणी तिच्याकडे होती, तेव्हा अंगाई तिलाच ठाऊक असणार. सांतोने वही घेतली, मोटारसायकल काढली आणि निघाला. वाटेत चाक पंक्चर झालं. ते होईतो रात्रीचे पावणेदहा झाले. चंद्र उगवायचा होता.

गाव जवळ आलं तसं रस्त्याच्या समुद्राकडच्या अंगाला एक घर उजळलेलं दिसलं. अंगणात माणसं. बाकं. मयताचं जागरण.

त्याने गाडी तिथेच लावली. गेली मावशी! उशीर झाला.

अंगणात गोल करून लोक दोरीचा खेळ खेळत होते. तुम्हीही खेळलाय, मयताच्या रात्री झोप लागू नये म्हणून. दोरीत अंगठी, ती मुठीमुठीतून सरकवायची, ज्याच्या मुठीत सापडेल त्याने काहीतरी म्हणायचं. एकाने सरकून जागा दिली. "बस, मानो. फार उशीर केलास."

तो बसला. दोरी हातात घेतली. दोरी ओली होती.

समुद्रकाठचं गाव. असेल ओली.

अंगठी आली ती थेट त्याच्याच मुठीत. "म्हण, मानो, म्हण!" आणि एवढी हजारो गाणी ठाऊक असलेल्या माणसाला त्या घटकेला एकच आठवलं...

"नीज ग बाळे, ओहोटी लागली,
खेकड्यांनी दारं लावली,
बापाची होडी लांब राहिली..."

तो थांबला.

सगळे थांबले.

रातकिडेही थांबले...

आणि त्याच्या पाठीमागून, अंधारातून, एका बाईने अगदी हळू म्हटलं,

"तो आला की उठवीन तुला."

हीच ती. हीच ओळ.

आता इथे तुम्ही-आम्ही काय केलं असतं? मागे वळलो असतो. सांतोने वही काढली. चाळीस वर्षांची सवय. गाणाऱ्याकडे बघितलं की शब्द निसटतो, म्हणून लिहिताना मान वर करायची नाही...

मान खाली. लिहू लागला.

तो... आला... की...

मागून कोणीतरी सदरा ओढला. खालून. कमरेच्याही खालून.

त्याने बघितलं नाही. तोंडातून आपसूक निघालं, घरी निघायचं तसंच...

"थांब ग. एवढी ओळ होऊ दे."

पुन्हा ओढला.

"थांब ना, दोलिंग..."

नाव तोंडातून गेलं...

आणि पेन हातातून गळलं.

वळला.

...

कोणी नव्हतं. बाकं नव्हती, दिवे नव्हते, घर नव्हतं. नुसती सिमेंटची फरशी आणि तिच्या भेगांतून उगवलेलं गवत. त्या घरातली अकरा माणसं त्याच वादळात गेली होती, हे त्याला दुसऱ्या दिवशी कळलं. रात्रभर तो त्या फरशीवर हाका मारत होता. "लिहिणार नाही, दोलिंग. ये. वही फेकली बघ." खरोखरच फेकली होती, समुद्रात.

इब्यांग मावशी जिवंत होती, चार घरं पुढे. तिने पहाटे त्याचा आवाज ओळखून माणसं पाठवली. अंगाई तिला ठाऊक नव्हती. "पुरिंगनेच रचली असेल रे," म्हणाली, "तुझ्यासाठी."

पुढे सांतो कधी काही लिहायला बसला नाही. कोणी बोलायला आलं की हातातलं काम टाकून त्याच्या तोंडाकडे बघत राहायचा, एवढं की माणूस अवघडायचा.

तो सदरा मात्र माझ्या बायकोने धुतला. तीनदा कडक इस्त्री फिरवली. सगळा सदरा सरळ झाला. पण मागे, अगदी खालच्या काठाला, चुरगळलेली एक जागा आहे. ती सरळ होत नाही. मी माझी मूठ त्यावर ठेवून बघितली... माझी फार मोठी आहे.