वाफेवरचा पुदिना

तो पहिल्यांदा आमच्या धान्याच्या दुकानात आला, तो काखेत पातेलं मारूनच. पातेल्यात गव्हाची खळ झाली होती.

"तुमच्या गव्हात खोट आहे," तो म्हणाला.

"गव्हात नाही, शिजवणाऱ्यात आहे."

गल्ल्यावरून बाबांनी माझ्याकडे डोळे वटारले. तो मात्र हसला... आणि शेजारच्या काकूंची डाळ मी दोनदा तोलली.

समोरच्या गाळ्यात त्याने सॅलडचं दुकान काढलं होतं. मग मीच त्याला शिकवलं. अख्खे गहू रात्रभर भिजव, दाणा फुटायच्या आत उतरव, निथळून सुती कापडावर पसर. आणि पूर्ण गार झाल्याशिवाय पुदिना-कोथिंबिरीला हात लावायचा नाही, वाफेवर पाला काळा पडतो. तो रोज विसरायचा, मी रोज ओरडायचे. मला वाटायचं, मुद्दाम विसरतो. त्यात अहो-जाहो कधी गळून पडलं, कळलंच नाही.

सहा महिने असे मजेत गेले. मग त्याच्या वरच्या मजल्यावर नृत्याचा क्लास उघडला आणि मॅडम आल्या.

मॅडमना काकडी चालते, कांदा चालत नाही. मॅडमना लिंबू जास्त लागतं. एके दिवशी त्याच्या फळ्यावर खडूने लिहिलेलं दिसलं – 'मॅडम स्पेशल'. मी दिवसभर आमच्या दारातून तो फळा वाचत बसले. अक्षरसुद्धा वळणदार काढलं होतं मेल्याने! मला कांदा आवडतो, हे इथे सांगून ठेवते.

परवा सकाळी तो पळत आला. "मॅडमच्या क्लासला चाळीस डबे हवेत, अकरा वाजता. एकट्याने नाही होणार. येतेस?"

नाहीच म्हणणार होते. पण म्हटलं, मॅडम एकदा जवळून तरी बघू.

त्याने टोमॅटो घेतले, मी पुदिना. चिरता चिरता त्याचं मॅडमपुराण सुरू झालं. मॅडमची शिस्त, मॅडमची चाल, मॅडम म्हणतात लिंबाची सालही किसून घाल... मी नुसतं "हं" म्हणत होते. माझ्या पाटावर पुदिन्याची चटणी व्हायला आली होती.

"त्यांच्या ओळखीत मोठा गाळा आहे," तो म्हणाला. "शहराच्या पार त्या टोकाला. म्हणतात, मी तिकडे जावं."

मी पाटावरचा पुदिना ओंजळीत गोळा केला.

"मग जा ना," म्हणत मी तो पुदिना नुकत्याच उतरवलेल्या गव्हाच्या पातेल्यात टाकला आणि खसाखसा ढवळला.

त्याने सुरी खाली ठेवली. पातेल्यातून वाफ येत होती. पाला डोळ्यांदेखत काळवंडला.

"वाफेवर?" तो म्हणाला. "तू?"

"चुकून पडला."

"इतके महिने ज्यावरून माझी हजेरी घेतेस, तेच तुझ्या हातून चुकून?"

रडू येईल असं वाटलं, म्हणून मी भांडायला लागले. "फळ्यावर मॅडम, तोंडात मॅडम. शिकवायचं मी आणि नाव लागायचं त्यांचं. मला नाही आवडत त्या. म्हणजे... त्या चांगल्याच असतील. त्या तुला आवडतात, ते मला आवडत नाही."

बोलून गेले आणि कानशिलं तापली.

"अगं, गिऱ्हाईक आहेत त्या. फळ्यावर नाव दिसलं की गिऱ्हाईक खूश होतं, परत येतं."

"मग माझं का नाही लिहिलंस?"

"तू गिऱ्हाईक आहेस?"

मी पाटावरची देठं गोळा करायला लागले.

"आणि तो गाळा?" मी हळूच विचारलं.

"कालच नको म्हणालो. तिथून तुमचं दुकान दिसत नाही."

"हे आधी सांगायला काय झालं होतं?"

"तू मध्येच 'जा' म्हणालीस. म्हटलं, बघावं... खरंच म्हणतेस का."

उत्तर पातेल्यात काळं पडून समोर दिसतच होतं. दोघांनाही हसू आलं.

सुदैवाने दुसरं पातेलं अजून शेगडीवर होतं आणि पुदिन्याची एक जुडी शिल्लक होती. त्याने मॅडमना फोन करून अर्धा तास मागून घेतला. आम्ही दोघांनी मिळून गहू कापडावर पसरले, एका टोकाला तो, एका टोकाला मी. पसरता पसरता टोकं कशी कोण जाणे जवळ आली.

लवकर गार व्हावेत म्हणून तो पंखा लावायला निघाला.

"बस इथे," मी म्हणाले.

"अगं, पण मॅडम..."

"थांबतील मॅडम."