नवरीच्या नावाची जागा

केजच्या इरशादचं नशीब उघडलं ते एका चालीवर. मालिकांना, लहानसहान सिनेमांना संगीत देत पुण्यात चपला झिजवत होता गडी. ती चाल वाजली आणि दारात गाड्या थांबायला लागल्या.

चाल होती त्याच्या केजच्या गल्लीतल्या अजमतबीची. म्हातारी हळदीला ढोलक घेऊन बसते. दर कडव्यात नवरीचं नाव घालते. नाव पडल्याशिवाय हळद लागू होत नाही, असं बायका मानतात. इरशादनं एका लग्नात ते गाणं मोबाईलवर धरलं. मालिकेला परक्या नवरीचं नाव काय कामाचं? तेवढं कापलं, तिथं शांतता ठेवली. जाणकार त्या शांततेवरच फिदा! मालिकेच्या नामपाटीवर आलं: 'संगीत – इरशाद'.

आता सख्ख्या बहिणीचं, अदिबाचं लग्न. भर दुपारी ताडपत्रीखाली हळद कालवलेली. अजमतबीनं ढोलक ओढली.

"टीव्हीवर ऐकलं रे तुझं गाणं. लई गोड केलंस."

'तुझं' म्हणाली. इरशादची मान वर होईना.

"हल्दी चढी..." तिनं सूर लावला. अदिबाच्या नावाशी आली आणि आवाज गेला. ओठ हलले, थाप पडली, पण ढोलकही मुकी. वर ताडपत्रीची फडफड थांबलेली. पुढच्या शब्दाला सगळं परत सुरू.

"बी, पान थुंका आधी!" कुणीतरी हसलं.

मग साऱ्याजणींनी मिळून नाव घेतलं. तोंडं उघडली. आवाज नाही.

हसणं आटलं.

इरशादनं ती शांतता ओळखली. त्यानंच कापलेली, तेवढीच लांब.

अजमतबीनं ढोलक खाली ठेवली. "गाणं कुणाचं हाय, सांग समद्यांना. मग बघू."

"भाई, बोला की," अदिबा म्हणाली.

समोर नवऱ्याकडची माणसं बसली होती. नामी संगीतकाराच्या घरची पोरगी मिळते म्हणून आलेली.

"ढोलकीची दोरी ढिली असंल," इरशाद म्हणाला.

दुसऱ्या दिवशी निकाह. नवरी ज्याच्याआड बसते त्या पडद्याशी काझीसाहेब आले. नवरीचं नाव घेताना त्यांचेही नुसते ओठ हलले. माईक गेला असेल, लोक म्हणाले.

पडद्याआडून मात्र स्वच्छ आवाज आला. "कुबूल है."

तीनदा.

दुवा झाली, खारका उधळल्या. इरशादचा जीव भांड्यात पडला.

मागून कुणीतरी बाही ओढली. लाल जोड्यात अदिबा उभी होती.

"भाई, मी कवाची आतल्या खोलीत बसलेय. मला पडद्यामागं न्यायला कुणीच कावून न्हाई आलं?"