पांढरी राख धरेपर्यंत

वाळलेले कपडे काढायला आम्रपाली गच्चीवर आली, तेव्हा पुण्याजवळच्या मांजरी गावातल्या त्या नव्या सोसायटीतला एक देखणा तरुण कोळशांवर पेट्रोल ओतायच्या बेतात होता.

"अहो, सगळी बिल्डिंग पेटवायचीय, की फक्त स्वतःलाच?"

तेजस दचकला. कंपनीच्या ऑनसाइट कामावरून परतताना त्याने अमेरिकन बार्बेक्यू शेगडी आणली होती; ती पेटवायची अक्कल बहुधा सामानाच्या वजनात बसली नव्हती.

"मग कशी पेटवायची?"

तिने तेलाचा रिकामा डबा मागवला. दोन्ही तोंडं कापून, खालच्या कडेला भोकं पाडून तो शेगडीत उभा केला. तळाशी वर्तमानपत्राचे बोळे, वर कोळसे. भोकातून काडी लावली.

"आता थांबायचं. कोळशांवर पांढरी राख धरली, की जाड हातमोजे घालून डबा उचलायचा."

"तोवर काय करायचं?"

"गप्प बसायचं. जमतं?"

"नाही... तुम्ही कुठे शिकलात हे?"

"सॉफ्टवेअर टेस्टर आहे. काय फुटणार, ते मला आधी दिसतं."

तेजसच्या बाबतीत मात्र दिसलं नाही. दर शनिवारी राख धरायला जरा जास्तच वेळ लागू लागला. 'तुम्ही'चं 'तू' झालं. एकदा तिच्या गालावरची काजळी बोटाने पुसत तो म्हणाला, "आईला भेटशील?... लग्नाचं बोलू."

"मी बौद्ध आहे, हे सांगितलंस त्यांना?"

"सांगतो ना... भेटायच्या आधी."

रविवारी गच्ची तेजसच्या नातेवाइकांनी भरली. आम्रपाली मोरपंखी साडी नेसून आली आणि तशीच कोळसे पेटवायला बसली. तेजसला अजून जमत नव्हतं.

"नाव काय गं तुझं?" त्याच्या आईने विचारलं.

"आम्रपाली."

"वा, छान! आणि आडनाव?"

पुण्यात नाव कौतुकासाठी विचारतात, आडनाव माहितीसाठी. तिने तेजसकडे पाहिलं.

"अगं आई, शेजारची आहे ती," तो घाईघाईने म्हणाला. "कोळसे पेटवायला बोलावलंय."

आईंचा जीव भांड्यात पडला.

आम्रपालीने डबा उचलला, निखारे नीट पसरले, हातमोजे काढून ठेवले. "आडनाव कांबळे," ती म्हणाली. "आणि निखारे तयार आहेत."

ती निघाली, तसा तेजस तिच्यामागे धावत लिफ्टपाशी आला.

"मी सांगणार होतो गं... सगळ्यांचं खाऊन झाल्यावर."

"आत्ता सांग. मी इथेच उभी आहे."

तो वळला. घसाही खाकरला. तेवढ्यात गच्चीवरून आईंची हाक आली — "तेजस, पनीर करपतंय!"

"एकच मिनिट हं..." तो म्हणाला, "उलटून येतो."

लिफ्ट आधी आली.