रुजू आधी, कायम नंतर

औषधांच्या दुकानासमोर भांडायची तिची अजिबात इच्छा नव्हती. पण इच्छा विचारून भांडण येतं का कधी?

रविवारची सकाळ. पाऊस धड पडतही नव्हता आणि धड थांबतही नव्हता. डोळ्याचं ऑपरेशन झालेले बाबा काळा चष्मा लावून तिच्या दंडाला धरून उभे, आणि रांग दुकानाच्या पायऱ्या उतरून फुटपाथवर आलेली. तिने शहाणपणा केला. निळी कापडी पिशवी रांगेत ठेवली, बाबांना कडेच्या बाकावर बसवलं, छत्री त्यांच्या हातात दिली आणि परत आली. तर पिशवीच्या जागी एक उंच माणूस उभा! पिशवी त्याने उचलून, झटकून, आपल्या मागे नीट ठेवली होती.

"अहो, तो माझा नंबर आहे."

"तुमचा? मला वाटलं, पिशवीचा."

"पिशवी माझीच आहे!"

"असेल ना. पण औषध पिशवीला हवंय की तुम्हाला? मी तर इथे सदेह उभा आहे, मॅडम."

सदेह म्हणे! तिच्या तळपायाची आग मस्तकात गेली. "मी आधी आलेय."

"पिशवी आधी आली. तुम्ही आत्ता आलात."

"अहो, दोघांपैकी कोणीतरी चिठ्ठी द्या हो!" भांडत भांडत दोघं काउंटरपाशी पोचले, तेव्हा दुकानदार कपाळाला हात लावून म्हणाला. "मागचे लोक मला खातील."

त्या माणसाने एकदा तिच्या खांद्यावरून पलीकडे पाहिलं, मग बाजूला सरकला आणि हसून म्हणाला, "घ्या, घ्या. ज्येष्ठांना आधी."

ज्येष्ठ? ती? केस धड विंचरले नव्हते, हे कबूल. पण म्हणून थेट ज्येष्ठ? ती ड्रॉप घेऊन ताडताड पायऱ्या उतरली. तो बाकावरच्या बाबांविषयी बोलत होता, हे तिच्या ध्यानात आलं घरी पोचल्यावर... आणि मग तिला आणखीच राग आला, कारण आता रागवायला कारणही उरलं नव्हतं.

"कोण होता गं?" बाबांनी विचारलं. "आवाज छान होता."

"आगाऊ होता," ती म्हणाली.

सोमवारी ती बँकेत पोचली, तर तो आगाऊ आवाज तिच्या काउंटरच्या आत, तिच्या गोल फिरणाऱ्या खुर्चीत बसलेला!

"अरे... पिशवीवाल्या मॅडम!"

आता हे कसं झालं, ते सांगायलाच हवं. वरच्या ऑफिसात बसलेल्या कोणा हुशार माणसाला वाटलं की लेखनिक वेगळे आणि रोखपाल वेगळे कशाला? एकाने पासबुक भरायचं, दुसऱ्याने पैसे मोजायचे, आणि गिऱ्हाईकाने मधल्या मध्ये फेऱ्या मारायच्या. करा दोन्ही श्रेणी एक! नाव ठेवलं 'सहायक'. ऐकायला किती सोपं. पण श्रेणी एक झाल्यावर यादीही एकच, आणि एका यादीत वर कोण नि खाली कोण? इथेच सगळं घोडं पेंड खात होतं.

ती लेखनिक. तो दुसऱ्या शाखेतून आलेला रोखपाल. नोकरीत ती त्याच्या आधी रुजू झाली होती. पण लेखनिकांचा उमेदवारीचा काळ लांबलचक आणि रोखपालांचा आखूड, त्यामुळे नोकरीत कायम तो तिच्या आधी झाला होता. लेखनिकांची संघटना म्हणे, रुजू झाल्याची तारीख धरा. रोखपालांची संघटना म्हणे, कायम झाल्याची धरा. दोन्ही संघटनांनी बँकेच्या जिन्यात एकमेकांशी बोलणं टाकलं होतं.

एवढ्यावर भागलं असतं तर ठीक. पण त्या शाखेत आता एक माणूस जादा ठरला होता. दोघांत जो कनिष्ठ, त्याची रवानगी घाटापलीकडच्या शाखेत. तिथून रोज येणं-जाणं शक्यच नव्हतं. आणि बाबांच्या डोळ्यांत दिवसातून तीन वेळा ड्रॉप टाकायला तिच्याशिवाय घरात होतं कोण? ती कनिष्ठ ठरली, तर संपलंच सगळं.

म्हणून तिने पहिल्याच दिवशी सांगून टाकलं, "उठा. ती ज्येष्ठांची खुर्ची आहे."

"काल रविवारी तुम्हाला ज्येष्ठ म्हटलं, तर केवढा राग आला होता!"

"तो आजही आहे. उठा."

तो उठला. पण पंख्याखालची जागा मात्र त्याने घेतली. मग रोज काही ना काही चालूच. काउंटरवरच्या पाटीवर नाव वर कोणाचं? ओला स्पंज कोणाच्या हाताशी? जेवायला आधी कोण? एका वेळी एकालाच उठता येत होतं, आणि एकच्या ठोक्याला ती चपला सरकवत तयार असायची.

"एक वाजता मीच जाणार."

"का? भूकही रुजू झाल्याच्या तारखेने लागते का?"

"माझ्या बाबांच्या डोळ्यांत ड्रॉप टाकायचे असतात. एक वाजता म्हणजे एक वाजता." तिला सांगायचं नव्हतं, पण चिडल्यावर माणूस नको ते बोलून जातो. "ते बघा, मागच्या गल्लीतलं हिरव्या दाराचं घर. मी पळत जाते, पळत येते. तेवढंही बघवत नाही का तुम्हाला?"

दुसऱ्या दिवसापासून एक वाजायला आला की त्याला नेमकं काहीतरी काम सुचायचं आणि भूक म्हणे नसायचीच. ती घरून परत यायची, तेव्हा तिच्या रांगेतली माणसं त्याने संपवलेली असायची. हे तिच्या लक्षात येत नव्हतं असं नाही. पण शत्रूचे उपकार मानायचे कसे, हे तिला कोणी शिकवलं नव्हतं.

"आज काय, डबा विसरलात?" तिने एकदा विचारलंच.

"नाही. आज तुम्ही लवकर परत आलात. भूक लागायला वेळच मिळाला नाही."

"म्हणजे मी नसताना भूक लागते?"

"तुम्ही नसताना," तो नोटा मोजता मोजता म्हणाला, "मोजणी चुकते..."

तिने मान खाली घालून एकाच पासबुकात एकच नोंद दोनदा केली. वैताग नुसता!

मग साहेबांनी बैठक बोलावली. साहेब म्हणजे शाखेचे व्यवस्थापक. पोटातली जळजळ आणि दोन्ही संघटना, हे त्यांचे दोन जुने आजार. लेखनिकांतर्फे आले कलमकाका. नियमाचं कलम सांगितल्याशिवाय ते पाणीसुद्धा मागत नसत. रोखपालांतर्फे आले भोंगा. हे टोपणनाव त्यांना का पडलं, ते त्यांनी तोंड उघडताच कळायचं.

"उमेदवारीचा काळ धरायचा की नाही, हा मूळ मुद्दा!" कलमकाका म्हणाले.

"मुळीच धरायचा नाही!" भोंगा गरजले. "लग्न ठरलं म्हणजे झालं का?"

"अहो, हळू... बाहेर गिऱ्हाइकं आहेत," साहेब पोटावर हात ठेवून म्हणाले.

चर्चा गोल गोल फिरत राहिली. घड्याळात एक वाजून गेला. तिने दोनदा उठायचा प्रयत्न केला, दोन्ही वेळा कलमकाकांनी तिला दटावून बसवलं. "तुझ्यासाठीच तर भांडतोय ना, पोरी!" तेवढ्यात तो रोखपाल "पाणी पिऊन येतो" म्हणून सटकला, तो गेलाच. मी इथे अडकलेय आणि हा खुशाल जेवायला गेला!

बऱ्याच वेळाने तो आला. केस भिजलेले, बाह्या कोपरापर्यंत वर केलेल्या. उभ्या उभ्याच म्हणाला, "साहेब, मॅडम ज्येष्ठ आहेत. माझी हरकत नाही. मी जातो घाटापलीकडे."

मग भोंगा असे काही फुटले, की बाहेरची गिऱ्हाइकं आत डोकावली. "अरे, ती तुझ्या एकट्याची ज्येष्ठता आहे का? सगळ्या रोखपालांची आहे ती! तू कोण दान करणारा?"

ती काही न ऐकता घरी धावली. बाबा आरामात बसले होते.

"ड्रॉप?" तिने धापा टाकत विचारलं.

"टाकून गेला ना तो. आधी साबणाने हात धुतले, मग टाकले. हात हलका आहे गं त्याचा. तुझ्यापेक्षा हलका." बाबा हसले. "आणि आवाज तर मी ओळखलाच."

ती दारात तशीच उभी राहिली. डोळे भरून आले होते आणि त्याचाही तिला भयंकर राग येत होता.

संध्याकाळी बँकेच्या दारात तिने त्याला गाठलं. भुरभुर पाऊस, दोघांत एक छत्री, आणि तीही उघडायचं भान कोणाला नाही.

"मला दया नकोय कोणाची. मला भांडून जिंकायचं होतं!"

"मग भांडा ना. कोण अडवतंय?"

"समोरच्याने हात वर केल्यावर भांडायचं कोणाशी? तुम्हीच ज्येष्ठ आहात. मी उद्या साहेबांना तसं सांगणार आहे."

आणि खरंच सांगितलं! इतके दिवस 'मी मोठा, मी मोठी' म्हणणारे दोघं आता 'तुम्ही मोठे, तुम्ही मोठ्या' म्हणू लागले. कलमकाकांना असं कलम कुठे सापडेना. साहेबांनी जळजळीची गोळी दुप्पट केली आणि सगळं प्रकरण वर पाठवून दिलं.

वरून उत्तर आलं. रुजू झाल्याची तारीख धरायची. ती जिंकली होती. कलमकाकांनी पेढे वाटावेत तशी बातमी वाटली. तिने खुर्ची एकदा गोल फिरवली, आणि शेजारच्या, आता रिकाम्या होणाऱ्या त्याच्या स्टुलाकडे पाहून तिला हुंदका आवरेना. हवं होतं ते मिळालं होतं. मग हे काय होत होतं?

तो निघाला त्या सकाळी ती औषधाच्या दुकानातून ड्रॉपची नवी बाटली घेऊन तडक बसथांब्यावर गेली. तो भुरभुर पावसात रांगेत उभा होता, छत्री मिटलेलीच. त्याच्यापुढे दुसऱ्या शाखेतला आणखी एक जादा ठरलेला रोखपाल होता. तोही आज घाटापलीकडच्या त्याच शाखेत रुजू होणार होता. तिने काही न बोलता निळी पिशवी त्याच्या पायाशी ठेवली.

"मॅडम, मी आधी आलोय."

"माहीत आहे. म्हणूनच पिशवी मागे ठेवलीय." ती त्याच्या बटणांकडे बघत म्हणाली. "नंबर धरून ठेवा माझा."

"कुठे?"

"तुम्ही जिथे असाल तिथे..."

त्याने पिशवी उचलून छातीशी धरली.

"तुम्ही कधीपासून?" तिने हळूच विचारलं.

"रविवारपासून. त्या दुकानापासून. तुम्ही?"

"तुम्ही बाबांना ड्रॉप टाकलेत... त्या दिवसापासून."

"म्हणजे इथे तरी मी ज्येष्ठ!" त्याचा चेहरा उजळला. मग तो खाली वाकून म्हणाला, "रुजू तर झालोय. कायम कधी करणार?"

तेवढ्यात बस आली. मेलीला आजच वेळेवर यायचं होतं! रेटारेटीत तो पिशवीसकट आत गेला. खिडकीतून तिला दिसलं, त्याने पिशवी शेजारच्या सीटवर ठेवली.

"इथे कोणी येणारंय का?" कंडक्टरने विचारलं.

"येणार आहे," तो म्हणाला.

घंटी वाजली, बस हलली, आणि तिला एकदम आठवलं. "अहो! बाबांचे ड्रॉप! पिशवीत आहेत! थांबा... अरे, थांब ना!"

थोडं पुढे जाऊन बस थांबली. तो खांद्यावर आपली बॅग, काखेत छत्री नि पिशवी पोटाशी धरून उतरला. कंडक्टरने दोघांकडे पाहून हात जोडले, आणि बस त्या दुसऱ्या रोखपालाला घेऊन निघून गेली.

"अरे, तुझी बस!"

"पुढची दुपारी आहे." चिखलाने भरलेली पँट झटकत तो हसला. "आम्ही दोघं नोकरीला लागलो एकाच दिवशी. आता तिथे तो सकाळी रुजू होणार, मी दुपारी. म्हणजे त्या शाखेत सगळ्यात कनिष्ठ मीच."

"मग त्यात हसायचं काय?"

"तिथे कोणी जादा ठरला, तर पहिली बदली कनिष्ठाची, म्हणजे घाटाच्या अलीकडे परत यायला पहिला नंबर माझा. नियम आहे. पाहिजे तर कलमकाकांना विचार."

तिने त्याच्या हातातून पिशवी घेतली. मग विचार बदलला, आणि पिशवीचा एक बंद त्याच्याकडेच राहू दिला.

"चल घरी," ती म्हणाली. "एक वाजता ड्रॉप तूच टाक. बाबा म्हणतात, तुझा हात हलका आहे."

"आणि माझ्या प्रश्नाचं काय?"

"केलं कायम," ती वैतागून म्हणाली. "आता छत्री तरी उघड."