अकरा वेळा मेलेला प्रितम

काल्हेरच्या गोडाऊनमध्ये खोक्यांमागं विनिताला आधी दोन पाय दिसले. मग माणूस दिसला... उताणा, डोळे सताड उघडे, पापणी हालत न्हाय! तिनं पाण्याची अख्खी बाटली त्याच्या तोंडावर ओतली.

"अगं ए! प्रॅक्टिस चाललीय!" मुडदा उठून बसला.

हा प्रितम. एरवी ट्रकमधला माल उतरवायचा, अन् शूटिंगवाल्यांचा फोन आला की सुट्टी टाकून मरायला जायचा. नऊ पिक्चर, अकरा मरणं. दोन पिक्चरांत तर मिशी बदलून दोन-दोनदा मेला. पण तोंडात शब्द म्हणून न्हाय.

विनिता खोक्यांना पत्त्याचे स्टिकर लावायची. त्या दिवसापासून जाता-येता एक स्टिकर त्याच्या पाठीवर चिकटवायची. "डिलिव्हरी कधी, मुडदेसाहेब?"

पोटात तलवार घेणारा गडी, पण ही समोर आली की नुसता खोकी मोजत बसायचा.

"मनात काय हाय ते बोल की," एकदा चहा पिता पिता ती म्हणाली.

"बोलायची... सवय न्हाय गं."

"मग पिक्चरमध्ये तोंड उघडशील त्या दिवशी ये माझ्याकडं. अन् लवकर उघड! घरी पाहुणे येऊन पोहे खाऊन चाललेत."

म्हणाली खरी, पण अर्धा चहा तसाच ठेवून उठली.

बाराव्या मरणाला डायरेक्टर म्हणाला, "मरताना आपल्या माणसाला हाक मार. ओठावर येईल ते नाव घे." प्रितमनं घेतलं. गावात मात्र कुणाला पत्ता लागू दिला न्हाय.

पिक्चर लागला तसं सगळं गोडाऊन भिवंडीच्या थेटरात. पडद्यावर प्रितमला गोळी लागली.

"मेला, मेला!" पोरं ओरडली.

पण गडी मेला न्हाय. गुडघ्यावर आला, मान वर केली, अन् थेटरभर आवाज घुमला —

"विनिता...!"

मग काय! शिट्ट्यांनी छप्पर उडायचं बाकी राहिलं. विनितानं तोंडावर ओढणी घेतली. इंटरव्हलचे दिवे लागले तरी सोडेना.

"बारा वेळा मेल्यावर बोललास," ती ओढणीआडून शेजारी बसलेल्या प्रितमला म्हणाली. "आता जिवंतपणी बोल."

"लगीन... करशील?"

"मोठ्यानं! मागच्या रांगेला ऐकू गेलं न्हाय."

तसा प्रितम खुर्चीवर चढला अन् असा ओरडला, की बाहेरचा समोसेवालाही आत डोकावला.

विनितानं पर्समधून एक स्टिकर काढला, अन् त्याच्या छातीवर, डाव्या बाजूला, थाप मारून चिकटवला. "डिलिव्हरी पक्की, मुडदेसाहेब!"